भिवरा भडभुंजीण आणि राजाची आग

एकदा काय झालं, एका राजाला वाटलं की आग आपली आहे.

आता आग कधी कुणा एकाची असते का? पण राजाला तसं वाटलं. आणि राजाला एखादी गोष्ट वाटली की ती सगळ्या नगराला सोसावी लागते. पाय आत घ्या, पांघरूण सारखं करा, आणि ऐका. मध्येच 'पुढे काय झालं' विचारायचं नाही. पुढचं पुढे येईल.

उंच डोंगरांच्या बेचक्यात एक नगर होतं, गारनगर. तिथे सूर्य उशिरा यायचा आणि लवकर जायचा, नाइलाजानं आलेल्या पाहुण्यासारखा. वारा मात्र घरचाच. त्यामुळे गारनगरात सगळ्यात मोठा मान विस्तवाला. तो विस्तव डोंगराच्या आईनं दिलेला. तिनं आपल्या पोटातून एक निखारा काढला आणि नगरातल्या पहिल्या बाईच्या ओंजळीत ठेवला. देताना तीन गोष्टी सांगितल्या. मागितल्याशिवाय कुणाला देऊ नका, न मागता दिलेला विस्तव घर जाळतो. मागितल्यावर नाही म्हणू नका. आपली चूल विझली असेल तर 'थांब, आणते' म्हणा आणि पुढच्या दारात जाऊन मागा. आणि निजण्याआधी निखारे राखेखाली झाकून ठेवा, म्हणजे सकाळी हात चोळत बसावं लागणार नाही.

एवढं पाळलं की विस्तव गुणानं वागायचा. दिला की वाढायचा. आणि मागून नेलेला निखारा तळहाताला चटका द्यायचा नाही, बरं का. गारनगरातल्या बाया संध्याकाळी शेजारणीच्या दारात उभ्या राहायच्या, "विस्तव दे गं" म्हणायच्या, आणि लालभडक निखारा ओंजळीत घेऊन घरी यायच्या, जास्वंदीचं फूल आणावं तसा. त्याच्याबरोबर दोन घरच्या गोष्टी यायच्या, थोडी चुगली यायची, कधी वाटीभर आमटीही यायची.

या नगरात एक भडभुंजीण राहायची. भिवरा तिचं नाव. भट्टीवर मोठी कढई, कढईत तापलेली वाळू, वाळूत मूठभर ज्वारी टाकली की तडतड तडतड लाह्या. चणे असोत, लाह्या असोत, भिवराच्या हातचं काही कच्चं राहायचं नाही आणि काही करपायचं नाही. स्वभावानं मात्र ती स्वतःच जरा करपलेली. तोंड फटकळ. लांबण लावणाऱ्यांचा तिला राग, रडत बसणाऱ्यांचा राग, आणि एकच गोष्ट दोनदा सांगायला लागली तर विचारायलाच नको. तरी सगळी आळी विस्तव मागायला तिच्याच दारात यायची, कारण तिची भट्टी दिवसभर पेटलेली.

आणि राजा होता तेजसेन. त्याचा वाडा नगराच्या मधोमध. वाड्याच्या आजूबाजूची घरं त्याच्या आजोबांनी कधीच पाडून टाकली होती, कारण गरिबांच्या चुलींचा धूर गादीवर बसतो म्हणे. वाड्याच्या मागच्या भिंतीला टेकून उभा होता तो फक्त तुरुंग. हे नीट लक्षात ठेवा.

तेजसेन तसा दुष्ट नव्हता. रिकामा होता. आणि रिकाम्या राजाजवळ एक प्रधान होता, त्याला रोज काहीतरी सुचायला हवं होतं. एका संध्याकाळी दोघं गच्चीवर उभे राहून घरोघरचा धूर बघत होते. प्रधान म्हणाला, "महाराज, ही माणसं न्याय आपल्याकडे मागतात. रस्ते, पाणी आपल्याकडे मागतात. विस्तव मात्र एकमेकांकडे मागतात. उद्या सगळंच एकमेकांकडे मागायला लागली, तर आपल्याकडे कोण येणार?"

झालं. राजाची झोप उडाली.

मग दुसऱ्या दिवशी दवंडी पिटली. नगरातल्या सगळ्या चुली विझवाव्यात. आग आता एकच, वाड्यासमोरच्या कुंडातली. ज्याला हवी त्यानं रांगेत उभं राहावं, 'आग राजाची, ऊब राजाची' असं तीनदा म्हणावं आणि एक निखारा न्यावा. सूर्य बुडाला की रांग बंद. शिपाई घागरी घेऊन घरोघर फिरले आणि चुलींत पाणी ओतून गेले. भिवराच्या भट्टीतही ओतलं. वाळूचा नुसता चिखल झाला.

कुंडातला निखारा हाताला चटके द्यायचा, आणि खापरात घालून नेला तर अर्ध्या वाटेत वाऱ्यानं विझायचा. मग दुसऱ्या दिवशी पुन्हा रांग.

आता तुम्हाला वाटेल, नगर पेटून उठलं असेल. कसलं काय. पहिल्या दिवशी माणसं कुरकुरली. दुसऱ्या दिवशी रांग कुठल्या वेळेला लहान असते याचा शोध लागला, आणि ज्याला तो लागला तो शहाणा ठरला. तिसऱ्या दिवशी राजाचं नावही कुणी काढेना. सगळं भांडण रांगेचं. कोण मध्ये घुसलं, कोण नुसतं मडकं ठेवून निघून गेलं, कुणी कुणाच्या भावजयीला पुढे घेतलं. वर्षानुवर्षांच्या शेजारणी एकमेकींचं तोंड बघेनाशा झाल्या. राजा गच्चीतून बघत होता आणि त्याला काही करावंच लागत नव्हतं.

भिवरा हे बघून दात-ओठ खायची. ती रांगेत एकदाही गेली नाही. भट्टीच्या मागे, लाकडांच्या आड, एका गाडग्यात राखेखाली तिनं एक निखारा झाकून ठेवला होता. बंड करायचं म्हणून नव्हे, बरं का. तसलं काही तिच्या मनातही नव्हतं. आपल्या घरातला विस्तव दुसरा कुणी येऊन विझवतो, हे तिला पटलंच नाही, एवढंच. रोज सकाळी राख बाजूला करायची, गोवरीचा तुकडा घालायची, भाकरी भाजायची, पुन्हा झाकायची.

मग एका संध्याकाळी काय झालं, शेजारची सारजा येऊन पायरीवर बसली. भिवराची लहानपणापासूनची मैत्रीण. बसली ती नुसती बसली. बोलेना. भिवरानं विचारलं काय झालं. तेव्हा कळलं की सारजाची सून बाळंत झाली होती. मुलगी झाली होती. पण बाळंतिणीला शेक द्यायला शेगडी नाही, रांग बंद झालेली, आणि बाळाचे ओठ निळे पडत चालले होते.

भिवराच्या गाडग्यात निखारा होता. पण मागितल्याशिवाय द्यायचा नाही, हा नियम. आणि सारजा मागेना. तिच्या तोंडाला कुलूप लागलं होतं. शिपायांची भीती, आणि इतके दिवस कुणी कुणाकडे काही मागितलंच नव्हतं.

भिवराचा संताप झाला. "अगं माग ना सारजे. नात गारठतेय आणि तू पायरीवर बसून माझं तोंड काय बघतेस? जीभ आहे ना? चार शब्द आहेत नुसते, ते काय राजाकडून आणायचेत?"

सारजाच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं. ती हळूच म्हणाली, "विस्तव दे गं, भिवरे."

"हां. एवढ्यासाठी एवढा वेळ," भिवरा म्हणाली, आणि राख बाजूला करून निम्मा निखारा तिच्या ओंजळीत ठेवला. चटका बसला नाही. सारजा पदराआड ओंजळ धरून घरी पळाली.

शेगडी पेटली. तिच्यावर ओवा टाकला, बाळंतिणीला शेक दिला, बाळाला धुरी दिली. बाळाचे ओठ गुलाबी झाले, आणि ते असं काही रडलं की भिवराला भिंतीपलीकडून ऐकू आलं. ती गालातल्या गालात हसली. हसताना तिला कुणी बघितलं नाही म्हणून बरं.

पण ओव्याचा वास कुठे लपतो? तो आळीभर पसरला. रांगेवरून परतणाऱ्या शिपायांनी नाक वर केलं. ते आळीच्या टोकापासून एकेक घर हुंगत निघाले, चुलीत हात घालून बघत. असं करत करत सारजाच्या दारापाशी आले. एकानं कडीला हात लावला. आत बाळ, आत शेगडी.

भिवरा आपल्या दारात उभी होती. तिनं कमरेवर हात ठेवले आणि मोठ्यानं म्हणाली, "काय कुत्र्यासारखे हुंगत हिंडताय? इकडे या. विस्तव माझ्याकडे आहे."

शिपाई वळले. तिनं स्वतः त्यांना गाडगं दाखवलं. त्यांनी ते फोडलं, पाणी ओतलं, भिवराच्या मुसक्या बांधल्या आणि मोठी कामगिरी केल्यासारखे निघून गेले. सारजाच्या दाराची कडी तशीच राहिली.

अशी भिवरा तुरुंगात गेली.

तुरुंगात दगडाची जमीन, दगडाची भिंत आणि एक गजांची खिडकी. पहाऱ्यावर रखमाजी नावाचा म्हातारा शिपाई. तो तिला गार भाकरी आणून द्यायचा आणि बसून आपली सांधेदुखी सांगायचा. भिवराच्या डोक्यात मात्र एकच घोर. सारजानं विस्तव राखला असेल का? बाळ ऊबेत असेल का? सगळ्या नगरात माणसांची आग आता तेवढीच उरली होती, आणि ती कुठे आहे हे दोघींनाच ठाऊक. कुणाला विचारावं तर सारजा पकडली जायची. म्हणून ती गप्प. भिवरानं गप्प बसायचं म्हणजे काय, विचार करा.

आणि बाहेर काय चाललं होतं? बाहेर भिवराचं नाव मोठं होत होतं. राजाला न भिता विस्तव लपवला, शिपायांना तोंडावर सुनावलं, ही गोष्ट आळीतून आळीत गेली आणि जाताना वाढली. पहिल्या दिवशी ती 'भिवराबाई' झाली. माणसं तुरुंगाच्या खिडकीखाली हार घेऊन आली. दुसऱ्या दिवशी 'भिवराआई' झाली. कुणीतरी तिची मातीची मूर्ती करून आणली, हातात कढई दिलेली, नाक मात्र दुसऱ्याच कुणाचं. तिसऱ्या दिवशी ती 'अग्निमाता' झाली, आणि त्या संध्याकाळी खिडकीखाली ही गर्दी जमली, प्रत्येक बाईच्या हातात पेटलेलं निरांजन.

सगळ्यांच्या पुढे म्हाळसा. आवाज मोठा, उत्साह त्याहून मोठा. ती आरती ओवाळायला लागली.

भिवरानं गजांतून खाली बघितलं. ज्योतींकडे बघितलं. मग म्हणाली, "थांब. ही निरांजनं पेटवलीत कशावर?"

म्हाळसा अभिमानानं म्हणाली, "सकाळपासून रांगेत उभ्या होतो, आई. तुमच्यासाठी."

"आणि रांगेत काय म्हणालात?"

म्हाळसाचा हात थांबला. इकडे तिकडे बघून ती म्हणाली, "म्हणावं लागतं ते म्हणालो."

मला कोंडलं ज्या राजानं, त्याची आग त्याच्याच नावानं मागून आणायची, आणि त्याच आगीनं मला ओवाळायचं. भिवराला हसावं की डोकं आपटावं कळेना. भिंत दगडाची होती, म्हणून तिनं डोकं आपटलं नाही.

"म्हाळसे, तुझी शेजारीण कोण?"

"ही काय, कोंडाबाई. पण आम्ही बोलत नाही."

"का बोलत नाही?"

"तिनं रांगेत माझी जागा घेतली."

"तू नव्हतीसच तिथे," कोंडाबाई मागून म्हणाली. "नुसतं मडकं होतं."

"गप्प बसा दोघी," भिवरा म्हणाली. "आता मी एकदाच सांगणार आहे. मला हार नको, मूर्ती नको, ओवाळणं नको. विस्तव हवा असेल तर शेजारणीकडे मागा."

गर्दीवर नजर ठेवायला आलेले शिपाई खो खो हसले. सगळ्यांच्या चुलींत त्यांनीच पाणी ओतलं होतं. कोण कुणाला काय देणार? गर्दीतूनही तेच उत्तर आलं, की शेजारणीची चूलही विझलेलीच आहे.

"मग तिनं 'थांब, आणते' म्हणायचं आणि पुढच्या दारात मागायचं. डोंगराच्या आईनं सांगितलेलं विसरलात इतक्यात?"

मग म्हाळसा हात जोडून म्हणाली, "तुम्ही बाहेर या, आई. तुम्ही आलात की सगळं होईल. तोवर आम्ही इथेच बसतो, वाट बघत."

हे ऐकलं आणि भिवराचा संयम संपला. तिनं भांडण केलं नाही, शिव्या दिल्या नाहीत. ती खिडकीकडे पाठ करून बसली.

लोकांनी आई, आई म्हणून हाका मारल्या. पाठच. आरती पुन्हा सुरू केली. पाठच. पाठीला ओवाळणार तरी किती वेळ? वारा आला, एकेक करत निरांजनं विझली. सूर्य डोंगराआड गेला, रांग बंद झाली. माणसं काकडत बसली. आता बघायला अग्निमाता नाही, हातात ज्योत नाही, आणि शेजारी नको असलेली शेजारीण.

भिवराच्या पाठीमागे बराच वेळ नुसता दातांचा कडकड आवाज येत होता. तिलाही थंडी वाजत होती. वळून बघावं असं तिला फार वाटलं. पण ती वळली नाही.

मग तिला म्हाळसाचा आवाज आला. नेहमीचा मोठा नव्हे. घसा बसलेला. "विस्तव दे गं, कोंडे."

कोंडाबाईनं 'नाही' म्हणायला तोंड उघडलं असणार. पण ते काही बाहेर आलं नाही. पिढ्यान्‌पिढ्यांत गारनगरात कुणी तसं म्हटलं नव्हतं. ती म्हणाली, "थांब, आणते." आणि उठली.

तिचं बघून दुसरी उठली, मग तिसरी, मग सगळी गर्दीच उठून गेली. खिडकीखाली उरली फक्त ती मूर्ती, दुसरीचं नाक घेऊन.

पुढचं सगळं रखमाजीनं सांगितलं, येरझाऱ्या घालून घालून. कोंडाबाई तिच्या पुढच्या घरी गेली. तिथली बाई म्हणाली थांब, आणते, आणि ती पुढे गेली. जिच्याशी रांगेत झिंज्या ओढल्या होत्या तिच्याच दारात जावं लागत होतं. कुणी आधी मागायचं यावरून रुसवे झाले, जुनी उणीदुणी निघाली, एक-दोघी रडल्या, पण नाही कुणी म्हटलं नाही. सगळं नगर एकमेकांच्या दारात उभं होतं. शिपायांना कळेना काय करावं. मागणं हा काही गुन्हा नव्हता. विस्तव तर कुठेच दिसत नव्हता.

आणि असं मागत मागत ते मागणं सारजाच्या दारात आलं.

सारजा नातीला मांडीवर घेऊन बसली होती. भीतीनं तिनं इतके दिवस शेगडी राखेनं झाकून ठेवली होती, बाळापुरती ऊब येईल एवढीच. दारातली बाई म्हणाली, विस्तव दे गं. सारजानं तिच्याकडे बघितलं. मग तिनं राख बाजूला केली. खाली निखारा उरला होता बोराएवढा. भिवरा पुढे सांगायची, की सारजाला नाही म्हणायचं सुचलंच नाही. तिनं निम्मा दिला. आणि दिला तसा तो वाढला. शेगडीतला पेरूएवढा झाला, ओंजळीतला आंब्याएवढा.

भिवरानं आता वळून बघितलं. सारजाच्या आळीतून धुराची एक रेघ वर गेली. मग शेजारून दुसरी. मग पलीकडून तिसरी. बघता बघता सगळं नगर धुरानं भरलं, आणि त्या धुराला भाकरीचा वास. भिवरा गज धरून उभी राहिली. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. धुरामुळे, असं ती रखमाजीला म्हणाली.

मोठी माणसं नंतर याला क्रांती म्हणाली. भिवरा म्हणायची, विस्तव मागितला, एवढंच. तेही किती सांगितल्यावर.

राजानं अर्थातच शिपाई पाठवले. शिपायांनी एका आळीतल्या चुली विझवल्या. ते वळले तोवर बाया शेजारच्या आळीत मागून आल्या आणि चुली पेटल्या. पुन्हा विझवल्या, पुन्हा पेटल्या. तिसऱ्या वेळी शिपाई इतके भिजले, इतके गारठले की एकानं घागर खाली ठेवली आणि दारातल्या म्हातारीला म्हणाला, "विस्तव दे गं, आजी." ती म्हणाली, "ये, बस आधी. ओले कपडे काढ." मग सगळेच बसले. रखमाजीही एकदा गेला तो परत आलाच नाही. तुरुंगाला कुलूप तसंच, आणि किल्ली पहाऱ्याच्या खुंटीवर.

इकडे राजाच्या कुंडाचं काय झालं? कोंडून ठेवलेली आग ती. तिच्यात उजेड उरला, ऊब नाही. आणि भूक भयंकर. राजानं आधी रानातली लाकडं घातली. ती संपली. मग वाड्याची दारं-खिडक्या घातल्या. त्याही संपल्या. वारा आत आला. शेवटी त्यानं सिंहासन ओढत आणून कुंडात घातलं. ते ढणढण जळलं, आणि जळता जळता आग विझून गेली. काळा कोळसाही राहिला नाही. राजानं प्रधानाला हाक मारली. प्रधान आपल्या शेजाऱ्याकडे विस्तव मागायला गेला होता.

तेजसेन एकटा, कुडकुडत. नगरात सगळीकडे धूर, सगळीकडे शेजार. पण वाड्याला शेजार कुठला? आजोबांनी सगळी घरं पाडलेली. शेजार एकच. मागच्या भिंतीला टेकलेला.

मग राजा तुरुंगाच्या दाराशी आला. उभा राहिला. काहीच बोलेना. सारजा पायरीवर बसली होती तसाच.

भिवरानं गजांतून त्याच्याकडे बघितलं. तिचं मन म्हणत होतं, राहू दे याला गारठलेला. पण ती राजावर चिडली नव्हती तेवढी त्याच्या गप्प बसण्यावर चिडली. "आता तुम्हीही बोलणार नाही का? सगळ्या नगराला मागायला शिकवून मी दमले. मागा, नाहीतर जा."

राजाला मागता येत नव्हतं. त्यानं कधी मागितलंच नव्हतं. ओठ निळे पडले होते. खूप वेळानं तो म्हणाला, "विस्तव द्या, बाई."

झालं. मागितलं. आता नाही म्हणता यायचं नाही. आणि भिवराजवळ तर होती नुसती गार फरशी.

तिनं मोठा सुस्कारा टाकला. "थांबा, आणते," ती म्हणाली. "पण आणायला जायचं कसं? दार उघडा."

राजानं खुंटीवरची किल्ली काढली आणि स्वतःच्या हातानं दार उघडलं.

भिवरा बाहेर पडली ती तडक सारजाच्या घरी. आधी बाळ बघितलं. मांडीवर घेतलं. गाल गरम होते. बाळानं तिचं बोट घट्ट धरलं, आणि भिवरा चक्क गप्प बसली. मग उठून तिनं सारजाकडे विस्तव मागितला, ओंजळीत घेतला आणि पुटपुटत, कुरकुरत वाड्यावर परत आली. राजाजवळ खापर नव्हतं. त्यानं डोळे मिटून ओंजळ पुढे केली. तिनं निखारा ठेवला. चटका बसला नाही. राजा त्या निखाऱ्याकडे बघतच राहिला.

ज्यानं शेजारणीकडे विस्तव मागितला, तो राजा कसला राहतो? तो शेजारी होतो. तेजसेन शेजारी झाला. वाड्याभोवती माणसांनी पुन्हा घरं बांधली, आणि धूर सगळ्यांच्या गाद्यांवर सारखा बसायला लागला.

आणि लोक पालखी घेऊन भिवराच्या दारात आले. म्हणाले, आता तुम्हीच गादीवर बसा. भिवरा म्हणाली, गादी जळली, बरं झालं, आणि माझ्या भट्टीतला चिखल कोण काढणार? मग पालखीचे भोई चिखल उपसायला लागले. नवी वाळू आली, कढई तापली, तडतड लाह्या फुटल्या. सगळ्या नगरानं पोटभर खाल्ल्या.

पण माणसं ती माणसंच. काही दिवसांनी भिवरा बघते तर भट्टीसमोर रांग. सगळ्यांत पुढे म्हाळसा. आणि हळूच पुटपुटतेय, आग भिवराची, ऊब भिवराची. भिवरानं झारा खाली ठेवला. एक शब्द बोलली नाही. त्यांच्याकडे पाठ करून बसली. रांग जराशी उभी राहिली, ओशाळली, आणि मोडली. म्हाळसा वळली आणि कोंडाबाईच्या दाराकडे गेली. तिथे काय बोलणं झालं, ते तुम्हाला आता माहीत आहे.

मग गारनगरात सगळे सुखानं राहिले. रोज थोडं भांडले, रोज एकमेकांच्या दारात गेले. सारजाची नात मोठी झाली, आणि भिवरासारखीच फटकळ निघाली.

चला, लाह्या संपल्या आणि गोष्टही. चुलीतले निखारे राखेखाली झाकलेत, सकाळी लागतील. डोळे मिटा आता. आणि हे मी एकदाच सांगतेय.